पुसलेली मरणं

विनू,

तुझ्या शोकसभेला चहा नव्हता, पण एलईडीची भिंत होती. बंगळूरच्या एचएसआर लेआउटमधल्या तुझ्या ऑफिसच्या गच्चीवर ती उभी केली होती आणि तिच्यावर तुझा फोटो माझ्या घराच्या दारापेक्षा मोठा दिसत होता. कुठल्याशा पार्टीतला असावा. तू हसत होतास आणि तुझ्या खांद्यावर कुणाचा तरी अर्धा कापलेला हात होता.

तुझा साहेब, ज्याला तुम्ही सगळे नुसत्या नावानं हाक मारता आणि तरीही घाबरता, बोलायला उभा राहिला. त्यानं सांगितलं की विनायक ही व्यक्ती नव्हती, ती एक वृत्ती होती. मग म्हणाला, विनायकला हार माहीत नव्हती, तो प्रत्येक वेळी ‘पुन्हा खेळा’ हे बटण दाबायचा. टाळ्या पडल्या. शोकसभेत टाळ्या वाजवायच्या असतात का, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. पहिल्या रांगेनं वाजवल्या म्हणून मागच्यांनीही वाजवल्या. शेवटी त्यानं जाहीर केलं की तुमच्या गेममधल्या गावाच्या वेशीवर तुझ्या नावाचा एक दगड बसवणार आहेत. खेळणारा त्याच्यासमोर आला की त्याचा नायक आपोआप मान झुकवणार. मी उजवीकडे बसलेल्या मुलीला विचारलं, “आणि नाही झुकवायची असली तर?” तुझ्याच टीममधली होती. म्हणाली, “मॅडम, तसा ऑप्शन नाहीये.” रडत होती, तरी हसली. त्या गच्चीवर मला ती एकटीच आवडली.

एकूण सहा जण बोलले. सहाही जणांनी एक शब्द वापरला: अचानक. कन्नडात, इंग्रजीत, हिंदीत, पण शब्द तोच. माझ्या डाव्या हाताला मानसी बसली होती. दर वेळी तो शब्द आला की तुझी बायको हळूच मान हलवायची. सगळं गेल्यावर तिच्या हातात तेवढाच एक शब्द उरला होता. मी समोर भिंतीवरच्या तुझ्याकडे पाहत होते. हे अचानक नव्हतं, हे फक्त दोन माणसांना ठाऊक होतं, आणि त्यातलं एक भिंतीवर होतं.

तू गेल्यावर तुझ्या कामाबद्दल मी आदरानं बोलायला हवं. मला ते जमणार नाही, कारण तू असताना मी कधी बोलले नाही. मी सरकारी संशोधन संस्थेच्या ग्रंथालयात जन्मभर पुस्तकं लावली. तू माझ्यापेक्षा चौदा वर्षांनी लहान, आणि तू काय करतोस असं निपाणीकडचे नातेवाईक विचारायचे तेव्हा मी सांगायची, पडद्यावर माणसं मारतो. तू चिडायचास. “मारत नाही गं अक्का. ती मरतात. मी फक्त लिहून ठेवतो.”

मग मी म्हणायची, म्हणजे चित्रगुप्ताची नोकरी. आणि तू म्हणायचास, त्याला निदान वरून रोज मेल येत नसतील.

तू मला एकदा नकाशा दाखवला होतास. तुमच्या गेममधल्या एका घाटाचा. गेम बाहेर पडण्याआधी चाचणीला खेळणारी जगभरची माणसं जिथं जिथं मेली तिथं तिथं लाल ठिपका. मला वाटलं होतं, कड्यावर, दरीच्या तोंडाशी लाल असणार. तिथं तुरळक होतं. सगळा लाल रंग साचला होता एका साध्या पुलावर. “अवघड जागी माणसं सावध असतात,” तू म्हणालास. “मरतात सोप्या जागी. इथं पुलाच्या पलीकडं आम्ही एक सुंदर दिवा ठेवलाय. सगळे दिव्याकडं बघत चालतात.” मी विचारलं, मग दिवा काढणार? तू म्हणालास, नाही, फळी रुंद करणार. तेव्हा मला वाटून गेलं, हा मुलगा बरा निघाला. पण बोलले नाही. आपल्या घरात कौतुक म्हणजे पानात न विचारता वाढलेली दुसरी पोळी, त्यापुढं कुणी जात नाही.

नकाशावरच्या काही ठिपक्यांभोवती करड्या रंगाचं कडं होतं. ते कसले, असं मी विचारलं. “ते इथं मेले आणि परत आलेच नाहीत. गेम बंद केला, पुन्हा कधी उघडला नाही. मेलेल्यांची मला काळजी नसते अक्का, ते मिनिटभरात उठतात. ह्यांची असते. शेवटची नोंद, आणि पुढं काहीच नाही.”

आणि मग मला त्या गेममध्ये उतरवायची तुझी ती हौस. ज्यांना खेळता येत नाही ती माणसं सगळ्यात कामाची असतात, असं म्हणून तू मला साठाव्या वर्षी रिमोट धरायला लावलास. त्याला रिमोट म्हणत नाहीत, हे तू प्रत्येक वेळी सांगायचास. मी पहिल्याच मिनिटाला मेले. नदीकाठी एक पाटी होती, ती वाचता वाचता पाण्यात गेले. तुझी टीम म्हणे आठवडाभर हसत होती. पाटी वाचायला थांबणारं माणूस त्यांनी त्याआधी पाहिलंच नव्हतं. पुढं त्या जागेला ऑफिसात ‘अक्का पॉइंट’ म्हणायला लागले. माझ्या नावानं पृथ्वीवर कुठलीच जागा नाही, ही एक आहे, आणि तिथं मी बुडून मेले.

त्याच दिवशी आपलं भांडण सुरू झालं. तू मला सेव्ह करायला शिकवलं होतंस: इथपर्यंतचं जपून ठेवायचं, पुढं काही बिघडलं तर इथून पुन्हा सुरू. तू कॉफी करायला आत गेलास की मी काहीतरी मूर्खपणा करून मरायची आणि तू बाहेर यायच्या आत जुना सेव्ह उघडून साळसूदपणे उभी राहायची. वाटलं, कुणाला कळतंय. संध्याकाळी तो भाग संपला तेव्हा पडद्यावर दोन ओळी आल्या. पहिली: मरणं, पाच. दुसरी: पुसलेली मरणं, अकरा.

“सापडलीस!” तू सोफ्यावर लोळायचा बाकी होतास.

“हा चावटपणा आहे. मी मागं गेले ना? मग ते झालंच नाही.”

“गोष्टीत झालं नाही. पण झालं. अगं, वाचकानं पुस्तक परत केलं तरी मागच्या चिठ्ठीवरचा तुझा शिक्का राहतो की नाही? तसं. सेव्ह मागं जातो, ही नोंद वेगळ्या फाइलीत असते, ती मागं जात नाही.”

“पण ती मला दाखवायची कशाला? माणूस चुकला, मेहनत करून सुधारला. सुधारलेल्या कपड्याची शिवण कुणी उलटी करून दाखवतं का?”

“अप्पा दाखवायचे.”

अप्पांचं नाव काढलंस की मी गप्प बसते, हे तुला लहानपणापासून ठाऊक. अप्पा पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या एका छोट्या कारखान्यात क्वालिटीला होते. लेथवरून उतरलेला शाफ्ट मापात नसला तर परत मशीनवर जायचा. दुसऱ्या खेपेला मापात आला की पास. पण पास करण्याआधी अप्पा त्याच्या टोकावर पंच मारायचे, टाचणीच्या डोक्याएवढा एक ठिपका. मालक कुरकुरायचा, माप बरोबर आहे ना, मग ठिपका कशाला? अप्पा म्हणायचे, “बरोबर आहे. पण हा एकदा चुकलेला आहे. पुढं कुठं तुटला, तर उघडणाऱ्याला कळलं पाहिजे.” त्या ठिपक्यापायी त्यांची बढती दोनदा राहिली. तुला त्यांचा अभिमान होता. मला अभिमान होता आणि बढती राहिल्याचा रागही होता. आपल्यातला फरक एवढाच.

वर्षभर आपण त्या दुसऱ्या आकड्यावरून भांडलो. तुझा साहेबही माझ्या बाजूनं होता, ही माझ्या आयुष्यातली एक लाजिरवाणी युती. त्याचं म्हणणं, खेळणाऱ्याला वाईट वाटतं. तू हटला नाहीस. म्हणायचास, पुसायला माझी ना नाही, कितीदाही पुसा. फक्त पुसलंय हे कुठंतरी राहू दे.

आता शिवाजीनगर.

त्याबद्दल लिहायचं नाही असं ठरवून मी कागद घेतला होता. शनिवार होता, सकाळची अकराची वेळ. माझ्या शिलाई मशीनची बॉबिन केस गेली होती. मी रिक्षानं जाईन म्हणत होते, तू म्हणालास, मी येतो, तुला दुकानदार फसवतात. मला जन्मात कुणी दुकानदारानं फसवलेलं नाही, पण तू येतोयस म्हटल्यावर मी ते बोलले नाही. गल्लीत गर्दी होती. कुकर दुरुस्तीच्या दुकानापाशी तू थांबलास. मला वाटलं, काही बघतोयस. तू जबड्याला हात लावून म्हणालास, “दात दुखतोय.” तुझा शर्ट पाठीला चिकटला होता. दुकानदारानं न विचारता स्टूल पुढं केलं, “स्वल्प नीरु कुडीरी सर,” म्हणत पाण्याची बाटली दिली. तुझ्या हातून ती बाटली सुटली.

मागच्या रस्त्यावर एक दवाखाना होता. म्हातारे डॉक्टर. त्यांनी ईसीजीची पट्टी काढली, चष्मा वर करून दोनदा पाहिली आणि तुझ्याशी नाही, माझ्याशी बोलले. “अम्मा, ह्यांना मोठ्या हॉस्पिटलात न्या. उद्या नाही. आत्ता.” पट्टीला चिठ्ठी टाचून माझ्या हातात दिली.

बाहेर पायऱ्यांवर येईपर्यंत तुझ्या चेहऱ्याला रंग आला होता. विनू, तो रंग आला नसता तर किती बरं झालं असतं.

“अक्का, बरं वाटतंय. खरंच.”

“रिक्षा बोलावते.”

“ऐक ना. गेम बाहेर पडायला सहा आठवडे आहेत. आत्ता मी आडवा झालो तर सगळं आडवं होईल. एकदा बाहेर पडू दे, मग तू म्हणशील त्या हॉस्पिटलात जाऊन झोपतो. तोवर…” आणि तू माझ्या हातातून पट्टी आणि चिठ्ठी काढून घेतलीस. “तोवर सकाळचा सेव्ह उघडू. आपण बॉबिन केस आणायला निघालोय. एवढंच झालंय.”

“मानसीला सांगावं लागेल.”

“तिला नको. ती घाबरेल, ओवी, पोर आहे, घाबरेल. शपथ आहे.”

“मी शपथा मानत नाही.”

“म्हणून तर तुला घालतो. मानणारे मोडतात.”

मी हसले. तू कागदाचे चार तुकडे करून कचऱ्याच्या डब्यात टाकलेस आणि मी, जिनं साधं पोस्टकार्डही कधी कुणाला फाडू दिलं नाही, ती बघत उभी राहिले. मग आपण बॉबिन केस घेतली. मशीन उत्तम चालते.

का गप्प बसले, हे मी बरेच दिवस स्वतःला नीट सांगत नव्हते. तुझ्या कामाखातर, तुझ्या शब्दाखातर असं घोळवत होते. खरं तसं नाही. आई गेली तेव्हा तू नऊ वर्षांचा होतास. आठवीत गणितात नापास झालास तेव्हा प्रगतिपुस्तकावर अप्पांची सही मी केली. कॉलेजात तुझं ते पहिलं प्रेम मला ठाऊक होतं, नोकरी सोडलीस ते मला आधी ठाऊक होतं. तुझं काहीतरी फक्त माझ्यापाशी असायचं, आणि मला ते आवडायचं. मग लग्न झालं आणि ते सगळं रीतीप्रमाणे मानसीकडं गेलं. मी तक्रार केली नाही. पण त्या पायऱ्यांवर तू मला पुन्हा एकदा एक गुपित दिलंस, आणि मी ते घेतलं. अधाशासारखं घेतलं. त्या कागदावर काय लिहिलं होतं ह्यापेक्षा तो फक्त आपल्या दोघांना माहीत आहे, ह्याचं मला जास्त अप्रूप होतं.

तीन आठवड्यांनी तुझा फोन आला. “अक्का, तू जिंकलीस. दुसरा आकडा काढून टाकला.”

मी काय बोलले असेन? म्हणाले, “अप्पांचा पंच हरवला वाटतं!”

“असू दे गं. कुणाला कळून काय करायचंय.”

आणि मला आनंद झाला, विनू. वर्षभराचं भांडण जिंकल्याचा साधा, बावळट आनंद. शेजारच्या जयम्मांनाही सांगितलं, त्यांना काही कळलं नाही तरी त्या “सरी, सरी”, बरं बरं, म्हणाल्या. तुझा आवाज कसा होता ते मी ऐकलंच नाही. जो माणूस साहेबापुढं वाकला नाही तो आपणहून का वाकतो, एवढा साधा प्रश्न मला पडला नाही. तुला स्वतःचंच पुसलेलं रोज स्क्रीनवर बघवेनासं झालं होतं ना? हे मला आज कळतंय. आज कळून त्याची किंमत जयम्मांच्या ‘सरी’एवढीच. ते भांडण मला परत दे. मला हरायचंय.

गेम बाहेर पडला. मी तीनदा विचारलं. पहिल्यांदा म्हणालास, पुढच्या आठवड्यात. दुसऱ्यांदा, दुरुस्त्या चालू आहेत, त्या झाल्या की. तिसऱ्यांदा म्हणालास, “झालं गं अक्का, बघतो,” आणि विषय ओवीच्या शाळेवर नेलास. पुस्तक दोन दिवस उशिरा आणणाऱ्या बड्या बड्या शास्त्रज्ञांना मी खरमरीत पत्रं धाडली आहेत. तुला मी चौथ्यांदा विचारलं नाही.

पुढचं तुला माहीत आहे आणि नाहीही. बुधवारी सकाळी ओवी शाळेच्या बसमध्ये बसली आणि खिडकीतून ओरडली की विज्ञानाचं जर्नल राहिलं. तू वर गेलास, जर्नल घेतलंस आणि बसमागं सिग्नलपर्यंत धावलास. खिडकीतून तिच्या हातात दिलंस. ती ‘थँक्यू’ म्हणाली नाही, कारण मैत्रिणी बघत होत्या. तू ऑफिसला गेलास, शेजारच्या मुलीला म्हणालास, पाच मिनिटं डोकं टेकतो. अकरा वाजता तिनं तुला हलवलं.

डॉक्टरांनी मानसीला विचारलं, आधी काही त्रास? ती म्हणाली, कधीच नाही. मी तिच्यामागं उभी होते.

तेराव्या दिवशी माणसं पांगल्यावर ओवी माझ्याजवळ येऊन बसली. तेरा वर्षांची पोर, तेरा दिवसांत तिचं मनगट माझ्या अंगठ्या-बोटाच्या कड्यात मावायला लागलंय. ताट पुढं केलं की दोन घास चिवडते आणि उठते. मानसीला वाटतं, दुःखानं. तिनं मला हळूच विचारलं, “आत्या, जर्नल राहिलं असतं तरी चाललं असतं ना?”

“म्हणजे?”

“जर्नल नसतं तर मिस नुसत्या ओरडल्या असत्या. मीच ओरडले पप्पांना. ते धावले.”

“वेडे, ते अचानक झालं. तुझा काय संबंध?” हे मी म्हणाले. तो शब्द मीही वापरला. सातवी.

ती तुझ्यासारखीच आहे, पुरावा मागते. “डॉक्टर म्हणाले आधी काहीच नव्हतं. मम्मा पण म्हणाली. काहीच नव्हतं आणि धावले आणि झालं. मग अचानक कसं?”

ती पुढं म्हणाली, “मी रोज परत जाते तिथं. रात्रीच जर्नल बॅगेत टाकते, सकाळी नीट बसमध्ये बसते. मग डोळे उघडते तर पप्पा नाहीतच.”

“कितीदा करतेस असं?”

“मोजलं नाही.”

विनू, त्या क्षणी मला तुझा भयंकर राग आला. जगभरच्या अनोळखी माणसांच्या मरणांची नोंद ठेवलीस आणि स्वतःची एक, एकच नोंद डब्यात टाकलीस. आणि ती पुसल्यामुळं तुझ्या पोरीच्या गणितात दुसरा आकडाच उरला नाही. तिच्यापुढं एकच गोष्ट मांडलेली आहे: ती ओरडली, तू धावलास, तू मेलास. त्यात चूक कुठं काढायची? तिचं गणित तुझ्यापेक्षा चांगलं आहे.

मग तो राग जिथं वळायला हवा होता तिथं वळला.

घरी येऊन चार दिवस मी काही केलं नाही. सांगावं तर मानसी काय म्हणेल हे मला ठाऊक होतं, आणि ती म्हणेल ते खरं असेल हेही. तुझ्यामागं मला त्या घराशिवाय दुसरं माणसांचं घर नाही. ह्या वयात नवी माणसं मिळत नाहीत, फार तर शेजारी मिळतात. गप्प राहिले असते तर रविवारची इडली, ओवीचं आत्या-आत्या, सगळं राहिलं असतं. फक्त ती पोर जन्मभर त्या सिग्नलपाशी उभी राहिली असती. मी हे दोन्ही चार दिवस समोर ठेवून बसले. एवढा वेळ लागायला नको होता, हेही लिहून ठेवते.

काल सकाळी गेले. मानसी तुझे शर्ट घड्या घालून खोक्यात भरत होती. “अक्का, बसा ना. चहा टाकू?” पुण्याची मुलगी, इतकी वर्षं झाली तरी मला अहो-जाहो करते.

मी उभ्यानंच सांगितलं. शिवाजीनगर, दात, स्टूल, डॉक्टर, ‘उद्या नाही, आत्ता’. पायऱ्या. शपथ. चार तुकडे. काही गाळलं नाही. मला ते आवडलं होतं, हेसुद्धा सांगितलं.

तिच्या हातातला शर्ट तसाच राहिला. मला वाटलं, ओरडेल. तिनं फक्त विचारलं, “किती वेळा?”

“काय?”

“असं किती वेळा झालं होतं त्याला?”

“मला माहीत असलेलं एकदा.”

“तुम्हाला माहीत असलेलं.” तिनं ते शब्द सावकाश परत म्हटले. “म्हणजे तुमच्यापासूनही लपवलेलं असू शकतं. आणि आता ते कधीच कळणार नाही.”

हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. गुपित माझ्याकडं आहे ह्याच तोऱ्यात मी होते.

“तीन महिने होते, अक्का,” ती म्हणाली. “मी त्याला उचलून नेलं असतं. भांडले असते, रडले असते, त्याचा लॅपटॉप फोडला असता. मला चान्स तरी मिळाला असता. तुम्ही दोघांनी मला विचारलंसुद्धा नाही.”

मी मान हलवली. क्षमा मागितली नाही. मागितली असती तर तिला काहीतरी उत्तर द्यावं लागलं असतं.

तिनं तोंड पुसलं आणि आतल्या खोलीकडं बघून हाक मारली, “ओवी, बाहेर ये. आत्याला तुला काही सांगायचंय.” मग माझ्याकडं वळून, हळू आवाजात, “सगळं सांगा. मला सांगितलंत तसंच. त्याला चांगला करून सांगू नका आणि स्वतःलाही नको.”

ओवीला मी खाली बसून सांगितलं. ती ऐकताना माझ्याकडं नाही, माझ्या हातांकडं बघत होती.

“म्हणजे पप्पांना आधीपासून होतं.”

“हो.”

“धावायच्या आधीपासून. तीन महिने.”

“हो. तू ओरडली नसतीस तरी ते होतंच. डॉक्टरांनी त्याच दिवशी ‘आत्ता’ म्हणून सांगितलं होतं.”

ती मनात काहीतरी जुळवत होती. मला ते जुळताना दिसलं. खांदे खाली आले. मग तिनं पहिल्यांदा मान वर केली.

“आणि तुला माहीत होतं.”

“हो.”

“मी तेराव्याला विचारलं तेव्हा पण?”

“हो, बाळा. तेव्हा पण.”

ती उठली आणि आईजवळ जाऊन उभी राहिली. मी चप्पल घातली. कुणी थांब म्हणालं नाही, आणि म्हणायला नकोच होतं. दार ओढून घेताना ओवीचा आवाज ऐकला: “मम्मा, भूक लागली.” मग स्वयंपाकघरात कुकरचं झाकण काढल्याचा आवाज आला, ताट मांडल्याचा आला. मी जिन्यात उभी राहून ते संपेपर्यंत ऐकलं. तिनं दुसऱ्यांदा भात मागितला.

विनू, तुझी मुलगी काल जेवली. माझ्याशी आता ती बोलेल असं वाटत नाही. तुझी आई झाल्यापासून तुला सगळं आधी सांगायची माझी सवय, म्हणून हे दोन्ही लिहिलं.

अक्का